लाट सोडून देणारा

समुद्रात फुटणारी लाट चित्रित करायची तर उभं कुठं राहायचं? किनाऱ्यावर तिवई लावून लांबची लेन्स लावली तर लाट दिसते, फळीवरचा माणूसही दिसतो, पण सगळं चपटं. लाटेचा उतार किती आहे, ती कुठून कोसळायला लागणार आहे, पोटात किती पोकळ आहे, काही कळत नाही. बोटीतून घ्यावं तर फुटणाऱ्या लाटेच्या तोंडाशी बोट नेता येत नाही. नेली तर परत आणता येत नाही. मग उरतं एवढंच की कॅमेरा घेऊन आपणच पाण्यात उतरायचं, लाट मोडते तिथंच तरंगत राहायचं, आणि फळीवरचा माणूस अंगावर येईपर्यंत बटण सोडायचं नाही. मग बुडी मारायची.

हे काम वर्षानुवर्षं करणाऱ्या सुरुवातीच्या माणसांत बड ब्राउनचं नाव पहिलं घ्यावं लागतं. सर्फिंगवर, म्हणजे फळीवर उभं राहून लाटेवरून घसरत जायच्या खेळावर, सिनेमे काढून, ते तिकीट लावून दाखवून त्यावर पोट भरणारा तो पहिला, असं सर्फिंगच्या इतिहासात सांगितलं जातं. मला मात्र त्याच्या पहिलेपणापेक्षा त्याच्या पोहण्यात जास्त रस आहे. तो आधी जलतरणपटू होता, मग जीवरक्षक, मग सर्फर, आणि या सगळ्यानंतर सिनेमावाला. हा क्रम उलटा असता तर ते सिनेमे झाले नसते, असं माझं मत आहे.

ब्राउनचा जन्म 1912 चा, अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावर मॅसॅच्युसेट्समधला. त्याच साली ड्यूक कहानामोकू नावाच्या हवाईच्या तरुणानं स्टॉकहोम ऑलिम्पिकमध्ये 100 मीटर फ्रीस्टाइलचं सुवर्णपदक जिंकलं. पुढं याच ड्यूकनं सर्फिंग जगभर नेलं. ब्राउन शिकायला कॅलिफोर्नियात आला, सदर्न कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या जलतरण संघाचा कप्तान झाला, व्हेनिस बीचवर जीवरक्षक म्हणून राहिला. 1938 च्या सुमाराला फळीवर उभा राहायला शिकला. महायुद्धात नौदलात गेला आणि परत येऊन शाळेत शिक्षक झाला. सडपातळ अंगाचा आणि पाण्यात सुळकन जाणारा, म्हणून मित्र त्याला बॅराकुडा म्हणायचे, त्या नावाच्या लांबट, चपळ माशावरून.

मी पोहायला शिकले ते आजोळी, विहिरीत. कमरेला पत्र्याचा रिकामा डबा बांधून मामानं वरून ढकललं आणि स्वतः पायरीवर बसून राहिला. विहिरीत शिकलेल्या माणसाला पाण्याची भीती राहत नाही, पण पाण्याची समजही येत नाही. विहिरीचं पाणी जागा सोडत नाही. समुद्राचं पाणी माझ्यापुढं आलं ते फार नंतर, मालवणच्या चिवला किनाऱ्यावर, तिथल्या समुद्री जलतरण स्पर्धेच्या निमित्तानं. तलावात पोहताना खाली आखलेली रेघ असते, तिच्यावरून नाक सरळ ठेवलं की झालं. समुद्रात काही हात मारले की मान वर काढून बघावं लागतं, बोया, म्हणजे वाट दाखवणारी तरंगती खूण, कुठं आहे, किनारा कुठं गेला. बघितलं नाही तर मेहनत पूर्ण आणि दिशा भलतीच. आणि चिवल्याचा समुद्र तर शांत, जवळजवळ तळ्यासारखा. हवाईच्या उत्तर किनाऱ्यावर हिवाळ्यात दुमजली घराएवढ्या लाटा येतात. तिथं दोन्ही हात कॅमेऱ्यात गुंतवून नुसत्या पायांवर तरंगायचं म्हणजे काय, याची थोडी कल्पना मला आमच्या प्रशिक्षकांच्या एका आवडत्या शिक्षेमुळं आहे. डोक्यावर वीट धरायची आणि खोल पाण्यात उभं राहायचं. वीट भिजता कामा नये. मांड्या पेटतात, हनुवटी पाण्यात जाते, आणि त्या अवस्थेत समोर काय चाललं आहे हे बघायचं भानच उरत नाही. ब्राउनला तिथंच सगळं बघायचं होतं.

त्यात त्या काळची यंत्रं. 16 मिलिमीटरच्या फिल्मचं 100 फुटांचं रीळ सेकंदाला 24 चित्रांच्या वेगानं पावणेतीन मिनिटांत संपतं. संथ गतीत दाखवायचं असेल तर वेग दुप्पट करायचा, म्हणजे रीळ दीड मिनिटातच खलास. चावीचे कॅमेरे तर एका चावीत जेमतेम अर्धा मिनिट चालत. पाण्याबाहेर हे चालून जातं, रीळ बदलता येतं, चावी देता येते. पाण्यात कॅमेरा बंद पेटीत असतो. रीळ संपलं की पोहत किनाऱ्यावर, पुसायचं, उघडायचं, भरायचं, बंद करायचं, पुन्हा लाटा ओलांडत आत. म्हणजे आत असताना प्रत्येक सेकंद राखून वापरायचा. कुठली लाट चांगली निघणार, तिच्यावर कोण उभा राहणार, तो डावीकडं वळेल की उजवीकडं, हे लाट येण्याआधी ओळखायला हवं. बटण दाबायचा निर्णय सर्फरचा असतो, फक्त हातात फळीऐवजी कॅमेरा असतो.

आणखी एक गोष्ट आजच्या वाचकाला सांगायला हवी. फळी पायाला दोरीनं बांधायची पद्धत 1970 नंतर आली. त्याआधी माणूस पडला की फळी सुटायची आणि पाण्याच्या जोरानं वाटेल तिथं फेकली जायची. दहा किलोच्या वर वजनाची, दहा फूट लांब लाकडी किंवा फोमची वस्तू. ती येत असताना कॅमेरेवाला कुठं असेल? बरोबर तिच्या वाटेत, कारण चांगलं चित्र तिथूनच मिळतं.

ब्राउननं 1940 च्या दशकात हवाईला 8 मिलिमीटरचा घरगुती कॅमेरा नेला तो आपल्या आणि मित्रांच्या आठवणीसाठी. मग मास्तरकी सांभाळून आपल्याच जुन्या विद्यापीठात चित्रपटकलेचे धडे घेतले. 1953 मध्ये त्यानं आपला पहिला सिनेमा सांता मोनिकातल्या एका शाळेच्या सभागृहात लावला. तिकीट 65 सेंट. बघायला आलेले जवळजवळ सगळे सर्फर, त्यांच्या मैत्रिणी, भावंडं. सिनेमाला स्वतःचा आवाज नव्हता. टेपवर संगीत लावलेलं, आणि ब्राउन माईक घेऊन बोलणार. कमी बोलणारा माणूस हा, पण दुसरं कोणी नव्हतं. लवकरच त्यानं नोकरी सोडली.

मामाला मी ब्राउनची काही दृश्यं मोबाईलवर दाखवली होती. मामा तरुणपणी पैलवान, आता गुडघे गेलेले. समुद्र त्यानं गणपतीपुळ्याला लांबून पाहिलेला. शांतपणे बघून त्यानं पहिला प्रश्न केला, "ह्याला पगार कोण देत हुतं?"

कुणीच नाही. हिवाळ्यात हवाईला जायचं, लाटांच्या हंगामात पाण्यात राहायचं, परत येऊन घरी फिल्म कापायची, जोडायची. मग गावोगाव सभागृहं भाड्यानं घ्यायची, भिंतीला पोस्टर चिकटवायची, दारात तिकिटं फाडायची, आत जाऊन प्रोजेक्टर सुरू करायचा आणि माईक उचलायचा. उरलेल्या पैशांत पुढच्या हिवाळ्याची फिल्म घ्यायची. 1953 पासून 1964 पर्यंत जवळजवळ दर वर्षी त्याचा एक नवा सिनेमा आला. नावं मजेशीर असत. टेनेसी विल्यम्सच्या ‘कॅट ऑन अ हॉट टिन रूफ’वरचा चित्रपट 1958 ला गाजला, तर पुढच्याच वर्षी ब्राउननं आपला सिनेमा आणला, ‘कॅट ऑन अ हॉट फोम बोर्ड’. बाल्सा लाकडाच्या फळ्या जाऊन फोमच्या येऊ लागल्या होत्या, त्याची ही नोंद.

हे ऐकल्यावर मामा म्हणाला, "म्हंजी आपल्या जत्रंतला तंबू." अगदी तेच. फक्त आपल्या तंबूत दूरच्या जगातल्या गोष्टी यायच्या, आणि ब्राउनच्या सभागृहात प्रेक्षकांना स्वतःला बघायला मिळायचं. पडद्यावर लाट चढली की खालून हूऽऽ अशी आरोळी उठायची, कुणी पडला की हशा. हे प्रेक्षक फसवता येणारे नव्हते. लाट किती उंच होती हे त्यांच्यातल्या काहींना अंगावरच्या खुणांनी ठाऊक होतं.

सर्फिंगचं चित्रीकरण ब्राउनच्या आधी झालंच नव्हतं असं नाही. एडिसनच्या कंपनीसाठी रॉबर्ट बोनाइननं 1906 मध्येच हवाईतल्या वायकीकीला फळ्यांवरची माणसं टिपली होती. 1930 च्या आसपास टॉम ब्लेक या सर्फरनं पेटीतला कॅमेरा पाण्यात नेऊन छायाचित्रं काढली. ती पाहून पेटलेला डॉक बॉल हा कॅलिफोर्नियाचा दातांचा डॉक्टर पुढं लाटांचेच फोटो काढत राहिला. पण बोनाइनला पाहुण्याला दिसतं तेवढं दिसलं, म्हणजे बेटावरच्या लोकांची एक गंमत. ब्लेक आणि बॉल आतले होते, त्यांची छायाचित्रं आतली होती. मात्र छायाचित्रात लाट थांबलेली असते, आणि थांबलेली लाट सर्फरच्या अर्ध्याच कामाची. पुढच्या दोन सेकंदांत ती काय करते यावरच त्याचं सगळं असतं.

इथं मला आपले सावेदादा आठवतात. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर. 1896 ला मुंबईत वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंचे चित्रपट पाहून हा छायाचित्रकार भारावला, लंडनहून कॅमेरा मागवला, आणि 1899 मध्ये हँगिंग गार्डनला पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी या पैलवानांची कुस्ती लावून ती चित्रित केली. फिल्म धुवायला लंडनला पाठवावी लागली. भारतीय माणसानं काढलेला पहिला चित्रपट म्हणून याच कुस्तीचं नाव घेतलं जातं. म्हणजे आपल्या सिनेमाची सुरुवातच खेळाच्या चित्रणानं झाली. एक मराठी माणूस, समोर दोन मराठी पैलवान. सावेदादांबद्दल मला मनापासून आदर आहे. पण ते पैलवान नव्हते. त्यांचं कुतूहल यंत्राचं होतं, आणि यंत्रापुढं काहीतरी हललं पाहिजे म्हणून कुस्ती होती. कुस्तीच्या आतून बघणारा कॅमेरेवाला पुढं निपजायला हवा होता. तो फार उशिरा आला, की अजून यायचाच आहे?

मामा संध्याकाळी फडाच्या कुस्त्या मोबाईलवर थेट बघतो. आवाज मोठा, हलगी घुमत असते. खडाखडी चालू असेपर्यंत तो गप्प. पैलवानांनी एकदा अंग लावलं की त्याचं बोलणं सुरू, आणि ते सगळं कॅमेरेवाल्याला उद्देशून. "आरं तोंडाकडं काय बघतुयास, पायाकडं ने की! ढाक लावतुय त्यो!" कॅमेरा पाहुण्यांच्या फेट्यांवर गेला की तो उशीत बुक्का मारतो. पोरगा बिचारा बरा असतो, यंत्र भारीतलं असतं, चित्र स्वच्छ. पण वजन कुठल्या पायावर आलं आहे, हे त्याला दिसत नाही. दिसेपर्यंत निकाल लागलेला असतो आणि पडद्यावर जिंकलेल्याला खांद्यावर घेतलेलं असतं. मामाला डाव आधी दिसतो, कारण तो डाव त्याच्या अंगावरून गेलेला आहे. त्याच्या हातात कॅमेरा दिला तर चित्र हलेल, कदाचित बोटही मध्ये येईल, पण कुस्ती सापडेल.

ब्राउनच्या बाबतीत नेमकं हेच आहे. चौकट सुबक आहे की नाही याची त्याला फारशी फिकीर दिसत नाही. जुनी दृश्यं काही वेळा धूसर आहेत, लेन्सवर थेंब आहेत. पण जिथं असायला हवं तिथं तो असतो.

आता ज्या गोष्टीसाठी मी हे सगळं लिहायला घेतलं त्याकडं येते. फळी आणि कॅमेरा एका वेळी धरता येत नाहीत. हवाईचा हिवाळा लांब असला तरी खरोखर थोर म्हणावेत असे दिवस मोजकेच. वारा जमिनीवरून समुद्राकडं हवा, लाटांची दिशा बरोबर हवी, मध्ये अंतर हवं. असा दिवस उजाडला की सगळे फळी घेऊन धावतात. आणि त्याच दिवशी ब्राउनला फळी वाळूत ठेवावी लागायची, कारण चित्र घ्यायचं तर तोच दिवस. सुमार दिवशी तो खुशाल सर्फिंग करू शकत होता. म्हणजे सर्फर म्हणून त्याच्या वाट्याला आल्या त्या उरलेल्या लाटा.

मी यावर बराच विचार केला आहे. हा त्याग होता असं म्हणायला जीभ रेटत नाही. त्याग हा शब्द आपल्याकडं फार लवकर बाहेर येतो आणि मग त्या माणसाला काय मिळत होतं हे विचारायचं राहून जातं. जीवरक्षकाला सवय असते ती दुसऱ्यावर डोळा ठेवून पाण्यात असण्याची. सगळा किनारा खेळत असतो आणि त्याची नजर एखाद्या डोक्यावर खिळलेली असते. ब्राउननं ती नजर सोडली नाही, तिच्या पुढं फक्त लेन्स बसवली. शिवाय कॅमेरेवाला लाटेच्या पोटात जिथं असतो ती जागा फळीवरच्या माणसालाही मिळत नाही. फळीवरचा लाटेपुढं पळत असतो, त्याला मागं काय कोसळतंय हे दिसत नाही. पाण्यात उभ्या असलेल्याला दोन्ही दिसतं, पळणारा आणि कोसळणारी. त्याला ही जागा आवडत असली पाहिजे. नाहीतर माणूस एवढी वर्षं परत परत तिथं जात नाही.

त्याच काळात बर्फावर असाच एक वेडा होता, वॉरेन मिलर. नौदलातून सुटल्यावर 1946 च्या हिवाळ्यात मित्रासोबत आयडाहोतल्या सन व्हॅलीच्या वाहनतळावर एका चिमुकल्या ट्रेलरमध्ये राहिला. पैसे नाहीत, तर गरम पाण्यात केचप कालवून त्याचं सूप. दोघं एकमेकांचं स्कीइंग 8 मिलिमीटरवर चित्रित करायचे, ते चुका शोधण्यासाठी. मित्रांना ती चित्रं दाखवताना मिलर जे बोलायचा त्याला लोक इतके हसायचे की पुढं तोच धंदा झाला. 1950 पासून दर वर्षी नवा सिनेमा आणि शहराशहरांत स्वतः उभं राहून निवेदन. मिलर बोलका, ब्राउन अबोल, पण वाट एकच. दोघांनीही कॅमेरा उचलला तो खेळातल्याच एका गरजेपोटी. बाहेरच्या जगाला काही दाखवायचं त्यांच्या मनात नव्हतं. बाहेरचं जग नंतर आलं.

आलं ते झपाट्यानं आलं. 1958 पासून ब्रूस ब्राउन आणि जॉन सेव्हर्सन हे तरुण सर्फर सिनेमे काढू लागले. सेव्हर्सननं 1960 मध्ये आपल्या सिनेमासोबत विकायला एक पुस्तिका छापली, तिचंच पुढं मासिक झालं. ब्रूस ब्राउनचा बडशी नात्याचा संबंध नाही. मराठीत आडनाव एकच दिसतं, त्यामुळं माझा आधी गोंधळ व्हायचा, आणि भरीस भर म्हणून हवाईतल्या माकाहाच्या लाटांवर वुडी ब्राउन नावाचा तिसरा होताच. ब्रूसचा ‘द एंडलेस समर’ 1966 मध्ये सर्वसाधारण चित्रपटगृहांत लागला आणि ज्यांनी आयुष्यात समुद्र पाहिला नव्हता अशा लोकांनीही तो पाहिला. बडच्या सिनेमांना तसं यश मिळालं नाही. मला वाटतं ते त्या सिनेमांत शक्यच नव्हतं. ब्रूसनं गोष्ट सांगितली. बडनं लाटा दाखवल्या.

एक गोष्ट मात्र खटकते, ती लिहिलीच पाहिजे. लाटेच्या बाबतीत ब्राउन आतला, पण हवाईच्या बाबतीत पाहुणाच. हा खेळ तिथल्या लोकांचा, शेकडो वर्षांचा. मिशनरी आले, रोगराईनं माणसं गेली, जमिनी गेल्या, आणि खेळ जेमतेम तगला. 1950 च्या दशकात कॅलिफोर्नियाची पोरं हिवाळ्यासाठी तिथं येऊन राहू लागली, त्याला ब्राउनसारख्यांचे सिनेमेही कारण. सभागृहात हूऽऽ करणारा पोरगा पुढच्या हिवाळ्यात त्या किनाऱ्यावर हजर. रॅबिट केकाईसारखे तिथलेच थोर सर्फर होते, तरी जगासमोर सर्फर म्हणून चेहरा उभा राहिला तो सोनेरी केसांच्या गोऱ्या मुलाचा. याचा दोष एकट्या ब्राउनच्या माथी मारणं अन्यायाचं होईल, हॉलिवूडनं ते काम त्याच्यापेक्षा कितीतरी मोठ्या प्रमाणावर केलं. पण कॅमेरा कोणाच्या हातात होता, हा प्रश्न राहतोच. हवाईचाच कुणी पोहणारा त्या जागी असता तर त्यानं लाट तीच दाखवली असती. लाटेनंतर कॅमेरा किनाऱ्यावर कोणाच्या घराकडं वळला असता, एवढा फरक पडला असता.

1964 नंतर ब्राउननं स्वतःचे सिनेमे जवळजवळ थांबवले. 1973 ला आणखी एक केला. पण पाण्यातून तो बाहेर आला नाही. आता दुसऱ्यांचे सिनेमे होते आणि त्यात पाण्यातला कॅमेरा धरायला माणूस हवा होता. 1972 च्या ‘फाइव्ह समर स्टोरीज’साठी तो पाण्यात होता. 1978 मध्ये हॉलिवूडचा ‘बिग वेन्स्डे’ आला, त्यातल्या पाण्यातल्या कॅमेरेवाल्यांमध्येही त्याचं नाव आहे. तेव्हा तो पासष्टीच्या घरात. 2008 मध्ये गेला तेव्हा 96 वर्षांचा होता.

मध्यंतरी निक वुडमन नावाच्या एका सर्फरला प्रश्न पडला, की आपल्याला आपलं स्वतःचं सर्फिंग का टिपता येऊ नये? त्यानं मनगटाला कॅमेरा बांधायचा पट्टा केला आणि त्यातून गोप्रो हा अंगावर बांधायचा चिमुकला कॅमेरा निघाला. आता फळी सोडावी लागत नाही. प्रत्येक जण लाटही घेतो आणि चित्रही. मी ती चित्रं बघते, छान असतात. त्यात फळीचं टोक असतं, घेणाऱ्याचा हात असतो, बऱ्याचदा हसणारा चेहरा असतो. मामालाही दाखवली. त्यानं दोन-तीन पाहिली आणि मला म्हणाला, "ह्यात डाव दिसत न्हाई गं. ते मघाचं म्हाताऱ्याचं लाव."

मी सांगितलं, की ते काढलं तेव्हा तो म्हातारा नव्हता. मग तेच पुन्हा लावलं.